टेकडीवरून दिसलेली शर्यत

आमच्या घरात मोटारीबद्दल वाकडा शब्द काढायची सोय नव्हती. बाबा डेट्रॉइटच्या एका मोटार कंपनीत ब्रेक टेस्टिंगच्या खात्यात होते आणि ट्रॉयमधल्या आमच्या रस्त्यावर जवळपास प्रत्येक घरातलं कुणी ना कुणी मोटारीचाच कुठला तरी तुकडा करून पोट भरत होतं. कुणी दारं, कुणी वायपर, आणि समोरचे आजोबा तर आयुष्यभर सीटखालचे स्क्रू आवळून रिटायर झाले होते. रस्ते सरळसोट, रुंद, आणि कडेला चालायला म्हणून वीतभर जागा नाही. सायकल ही पोरासोरांची वस्तू. सोळावं लागून लायसन्स मिळालं की ती गराजच्या भिंतीवर खिळ्याला लटकायची ती कायमची. मला लायसन्स मिळालं आणि त्याच उन्हाळ्यात मी माझी सायकल खिळ्यावरून खाली काढली. ‘उलट्या खोपडीची पोर’ असं आईने तेव्हाच जाहीर केलं, आणि आज साठीच्या उंबरठ्यावर आले तरी त्यात मला काही दुरुस्ती सुचवायची नाही.

झालं असं, की आईने मला दूध आणायला पाठवलं होतं. गाडी बाबा घेऊन गेले होते, म्हणून मी सायकलने निघाले. पुढे बास्केट, त्यात दुधाचा गॅलन. परत येताना मागून एक आवाज आला. तो आवाज मी आजही झोपेत ओळखीन. वीस-तीस साखळ्या एकदम फिरत असतात त्याची ती बारीक सळसळ, आणि टायरांचा दबका घूं घूं. वळून बघेपर्यंत रंगीत जर्सी घातलेला एक घोळका माझ्या डाव्या बाजूने सर्रकन निघूनही गेला होता. वाऱ्याने माझी वेणी उडाली. कुणी हात केला नाही, कुणी बघितलंही नाही. मला काय झालं मला सांगता येणार नाही, पण मी पॅडलवर उभी राहिले आणि दुधासकट त्यांच्या मागे लागले. घर मागे पडलं, शाळा मागे पडली, बास्केटमध्ये दूध ढवळून निघत होतं, माझ्या छातीत आग लागली होती, आणि मी मोठमोठ्याने हसत होते. लाल सिग्नलला ते थांबले तेव्हा मी त्यांच्या शेपटाला होते. सगळ्यात म्हातारा माणूस मागे वळला. पांढऱ्या मिशा, चष्म्याला मागून रबर. माझ्याकडे पाहिलं, बास्केटकडे पाहिलं आणि म्हणाला, “किड, तुझं लोणी निघालं असेल.” तो स्टॅन. त्याचं सायकलींचं दुकान होतं आणि संध्याकाळचा तो क्लब त्याचाच. पुढे तो माझा कोच झाला, आणि त्या दिवसाचं दूध मात्र नासलं.

बाबांनी सायकल प्रकरण हाती घेतलं ते त्यांच्या पद्धतीने. स्टॅनने एक जुनी रेसिंग सायकल मला वापरायला दिली, तिच्याकडे बाबा बराच वेळ कमरेवर हात ठेवून बघत राहिले. “याला ब्रेक म्हणतात?” ते म्हणाले. “हे दोन खोडरबर आहेत.” मग शनिवारी सकाळी त्यांनी मला गराजपुढच्या ड्राइव्ह-वेच्या उतारावरून खाली यायला लावलं, खडूने रेघ मारली आणि रेघेवर मी ब्रेक दाबला की कुठे थांबते ते टेप लावून मोजलं. पुन्हा. मग पाण्याचा पाइप मारून, ओल्यावर पुन्हा. शेजारपाजारचे लोक लॉन कापायचे थांबून बघत होते आणि मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं होतं. “बाबा, प्लीज! एव्हरीबडी इज वॉचिंग!” मी म्हटलं. “बघू देत. त्यांच्या पोरांच्या सायकली कोण टेस्ट करतं?” सोमवारी ते कुठून तरी चांगले ब्रेक-पॅड घेऊन आले आणि स्वतः बसवले. सायकल चालवू नकोस असं ते म्हणाले नाहीत. पण हा सगळा खेळ कॉलेज लागेपर्यंतचा आहे, हे त्यांनी स्वतःशी केव्हाच ठरवून टाकलं होतं, आणि तसं ते आईला सांगत, मला ऐकू जाईल इतक्या आवाजात.

मिशिगनच्या थंडीत रस्त्यावर सायकल चालवणं म्हणजे हातपाय मोडून घेणं, म्हणून नोव्हेंबरपासून माझा मुक्काम बेसमेंटमध्ये. तिथे स्टॅनने दिलेले रोलर्स मांडले होते. लोखंडी चौकटीत तीन लाटणी आडवी ठेवल्यासारखं ते यंत्र. त्यावर सायकल ठेवायची आणि तोल सांभाळत चालवत राहायचं, जागच्या जागी. जरा लक्ष इकडेतिकडे गेलं की सायकलसकट भिंतीवर. एका बाजूला गणपतीच्या मखराचा थर्माकोल, दुसऱ्या बाजूला फ्रीझर, त्यात आईने किसून ठेवलेलं खोबरं. रोलर्सचा आवाज पिठाच्या गिरणीसारखा यायचा आणि वर स्वयंपाकघरातली भांडी थरथरायची. आई वरून पाय आपटायची, म्हणजे हळू. मी ऐकत नसे. मग कुकरच्या शिट्ट्या, आणि हीटिंगच्या जाळीतून फोडणीचा वास थेट माझ्या नाकात. घामाने निथळत, पोटात कावळे ओरडत असताना लसणाची फोडणी हुंगत पाय मारत राहणं, हा छळ पुढे युरोपातल्या कुठल्याही घाटात मला झाला नाही. आता माझ्या घराला बेसमेंट नाही, आणि हिवाळा लागला की मला ते फार जाणवतं.

आई सोलापूरची. तिच्या हाताला शेंगदाणा आणि जिभेला धार, दोन्ही गावाकडून आलेलं. पहिल्या लांब पल्ल्याच्या सरावात मी अर्ध्या वाटेत कोलमडले. डोळ्यांपुढे अंधारी, हातापायांत जीव नाही, रस्त्याकडेला बसून मी रडत होते. स्टॅनने सांगितलं की पोटातलं इंधन संपलं, दुसरं काही नाही. सायकलवर असताना सारखं खात राहावं लागतं, भूक लागायच्या आधी. हे ऐकल्यावर आईच्या अंगात वारं भरलं. तिच्या पोटच्या पोरीला भूक लागून चक्कर येते म्हणजे काय! तिने शेंगदाण्याचे लाडू दिले. धापा टाकताना ते भुगा होऊन घशात अडकले आणि मी खोकून खोकून लाल झाले. चिक्की दिली; ती चावता चावता पुढचे लोक दिसेनासे झाले. गुळपोळी चांगली होती, पण जर्सीच्या मागच्या खिशात तिचा चुरा व्हायचा. शेवटी तिने खजुराची पोळी काढली. बिया काढलेला खजूर, शेंगदाण्याचं कूट, थोडं मीठ, मऊसूत लाटलेली, चौघडी घालून फॉइलमध्ये घट्ट गुंडाळलेली. एका हाताने उघडता येई, दोन घासांत संपे, आणि पाय पुन्हा माझे होत. सोबत लिंबाचं सरबत, त्यात मीठ जरा जास्तच. क्लबातली मुलं विकतचे चॉकलेट बार खात आणि माझ्या खिशाकडे बघत.

महाराष्ट्र मंडळाच्या पॉटलकला, म्हणजे घरटी एकेक पदार्थ आणायच्या जेवणाला, शैलाकाकू आईला म्हणाल्या, “अगं, एवढे दोघं कमावता, पोरीला एक सेकंडहँड गाडी घेऊन द्या की! उन्हातान्हात सायकल हाणते बिचारी. मी परवा ड्राइव्ह करताना पाहिली, मला इतकं कसंतरी झालं.” आई भाताचा डाव हातात धरून शांतपणे म्हणाली, “तुमच्या गाडीच्या पुढे होती का मागे?” शैलाकाकू विचारात पडल्या. “पुढे होती,” त्या म्हणाल्या. “मग ठीक आहे,” आईने सांगितलं आणि त्यांना भात वाढला. त्या रात्री घरी येताना मी गाडीत आईच्या खांद्यावर डोकं ठेवून झोपले.

शाळेच्या शेवटच्या वर्षी कॉलेजचं पत्र आलं, इंजिनिअरिंगला. बाबांनी पेढे नाहीत म्हणून डोनट वाटले. आणि मी, जेवणाच्या टेबलावर, आमटीत पोळी बुडवता बुडवता, एका दमात सांगून टाकलं की मला एक वर्ष थांबायचंय, फक्त सायकल चालवायची आहे, स्टॅन म्हणतो मी करू शकते. बाबांनी आमटी संपवली, हात धुऊन आले, पुन्हा बसले. “किती जणी असतात त्या मोठ्या रेसला? ऑगस्टमधल्या?” सगळ्या मिडवेस्टमधल्या, म्हणजे आसपासच्या सगळ्या राज्यांतल्या, मुली त्या शर्यतीला येत. “खूप,” मी म्हटलं. “आणि बक्षीस देतात त्या लाकडी पायऱ्यांवर किती उभ्या राहतात?” “तीन.” “मग पहिल्या तीनमध्ये ये. एक वर्ष तुझं, मी एका शब्दाने विचारणार नाही. नाही आलीस तर सप्टेंबरला कॉलेज आणि सायकल खिळ्यावर.” मी तिथल्या तिथे हात पुढे केला आणि म्हटलं, “डील.” आम्ही चक्क शेकहँड केला. आई म्हणाली, “मला कुणी विचारलंत का दोघांनी?” तिने आमची ताटं उचलली. “ठीक आहे. मग रेसमध्ये खायला मी देणार. आणि तुम्हीही यायचं हो, अट तुम्ही घातली आहे, तर डोळ्यांनी बघा.”

खायला देणं म्हणजे काय, हे आईला तेव्हा ठाऊक नव्हतं. लांबच्या शर्यतीत एका ठरावीक जागी, सहसा चढावर, जिथे सायकली जरा हळू होतात, तिथे आपापली माणसं कडेला उभी राहून बाटल्या आणि पिशव्या हातात देतात. सायकल थांबत नाही. चुकलं की संपलं, पुढच्या फेरीपर्यंत घसा कोरडा. स्टॅनने आईला शिकवायला शाळेच्या पार्किंग लॉटमध्ये बोलावलं. “मिसेस कदम, सोपं आहे. बाटली मानेशी दोन बोटांत सैल धरायची. अंजू मागून आली की ती जाते त्याच दिशेने पुढे धावायला लागायचं, तिच्याकडे पाठ, आणि डावा हात बाहेर काढायचा. ती बाटली उचलून घेईल.” आई जागची हलली नाही. “डावा?” तिने मला मराठीत विचारलं. “डाव्या हाताने कुणाला खायला देतात का?” मी म्हटलं, “आई, इट्स जस्ट अ बॉटल!” “बाटलीत काय आहे? माझ्या हातचं सरबत आहे. वर पोळी बांधली आहे. आणि पाठ फिरवून डाव्या हाताने पुढे करू? भिकाऱ्यालाही असं देत नाही कुणी.” स्टॅनला मी भाषांतर करून सांगितलं. त्याने मिशीवरून हात फिरवला. “मग कसं देणार त्या?” आईने करून दाखवलं. ती माझ्याकडे तोंड करून उभी राहिली, उजवा हात पुढे, आणि मी जवळ येताच उलट्या पावलांनी मागे मागे जाऊ लागली. पहिल्यांदा माझा धक्का लागून बाटली उडाली. दुसऱ्यांदा तिने सोडलीच नाही, आणि मी पडता पडता वाचले. पण आठवडाभराने आई उलटी अशी काही पळायला लागली की क्लबातली मुलं सराव सोडून बघायला येत. पळताना माझ्या डोळ्यांत बघायची आणि म्हणायची, “घे गं बाई.”

शर्यत होती मिशिगनच्या पश्चिमेला, मक्याच्या आणि ब्लूबेरीच्या शेतांमधून. एक मोठं वर्तुळ, त्याच्या चार फेऱ्या, प्रत्येक फेरीत एक लांब चढाची टेकडी. टेकडीच्या माथ्याजवळ खाणं देण्याची जागा. शेवटची रेषा तिथून बरीच लांब, गावात, चर्चसमोर. ऑगस्टचं ऊन असं की डांबर टायरला चिकटत होतं. आई भडक नारिंगी साडी आणि पायात पांढरे टेनिस शूज घालून आली होती. “लांबून दिसायला नको का मी तुला?” बाबा इस्त्रीच्या शर्टात, हातात खाण्याची पिशवी, एखाद्या लग्नात चुकून मुलीकडच्यांत बसलेल्या मुलाकडच्या माणसासारखे. माझ्या शेजारी सुरुवातीच्या रेषेवर होती डेबी. इंडियानाची, पिवळ्या वेणीची, मांड्या खांबासारख्या. वर्षभर तिने मला प्रत्येक शर्यतीत हरवलं होतं, एकदा वळणावर कोपर मारून गवतात पाठवलं होतं, आणि त्याबद्दल सॉरीही म्हणाली नव्हती. मी तिचा मनापासून द्वेष करत होते. त्या वयात द्वेष किती ताजातवाना असतो!

पहिल्या फेरीत सगळ्या एकमेकींना चाचपत होत्या. टेकडीवर नारिंगी ठिपका दिसला, मोठा होत गेला, “घे गं बाई,” आणि बाटली माझ्या मुठीत. दुसऱ्या फेरीत टेकडी सुरू व्हायच्या आधीच डेबी पॅडलवर उठली आणि निघाली. मी डोकं खाली घालून तिच्या चाकाला चिकटले. ओहायोची एक उंच मुलगी माझ्या मागे. माथ्यावर पोचलो तेव्हा मागे बघितलं तर रस्ता रिकामा! त्या गडबडीत बाटली घ्यायची राहिली, पण मला काही वाटलं नाही. आम्ही तिघी पुढे आणि बाकी घोळका पार मागे. तिघी! तीनच पायऱ्या आणि आम्ही तिघीच. मग आम्ही न बोलता आळीपाळीने पुढे राहून वारा झेलायला लागलो, जिची पाळी संपली ती मागे येई आणि दुसरीच्या आडोशाला दम खाई. मक्याची शेतं दोन्ही बाजूंनी धावत होती, चाकं गात होती, आणि मला आयुष्यात इतका आनंद झाला नव्हता. सगळं जमत होतं. फक्त तहान. माझ्या दोन्ही बाटल्या कोरड्या ठाक झाल्या होत्या आणि ओठांवर मीठ जमलं होतं. काही नाही, टेकडीवर आई आहे.

तिसऱ्या फेरीला आम्ही टेकडी चढलो. डेबी पुढे, मग ओहायोवाली, मग मी. डेबीचे वडील माझ्या आईच्या थोडे अलीकडे उभे होते, लालबुंद, घामाघूम. त्यांनी स्टॅनच्याच पद्धतीने पाठ करून पळत डावा हात काढला, डेबीने हात घातला आणि बाटली निसटली. टप्पे घेत खड्ड्यात गेली. डेबीचा हात तसाच पुढे राहिला, रिकामा, बोटं पसरलेली. तिचा चेहरा मला दिसत नव्हता. पण आईला दिसत होता, कारण आई समोर तोंड करून उभी होती. स्टॅनचं ऐकून पाठ करून पळाली असती तर तिला डेबी दिसलीच नसती. मी बघत होते आणि माझा विश्वास बसत नव्हता. आई उलट्या पावलांनी मागे सरकली, डेबीच्या डोळ्यांत बघितलं, “घे गं बाई,” म्हणाली, आणि माझी बाटली, माझी पोळी, तिच्या हातात ठेवली.

“आई!” मी किंचाळले. “दॅट्स माइन!” ओहायोवाली निघून गेली, मी आले, आईचा हात रिकामा. “अहो, दुसरी! दुसरी द्या!” आई ओरडत होती आणि बाबा पिशवीत कोपरापर्यंत हात घालून फॉइलच्या पुड्या, नॅपकिन, नेलकटर असं काय काय बाहेर काढत होते. बाटली तळाशी होती. मी गेले. मागून बाबांची “अंजू, थांब!” अशी हाक ऐकू आली. ब्रेकवाल्या माणसाला दुसरं काय सुचणार!

उतारावर मी रागाने ब्रेकला हातही लावला नाही. मग डेबी मागे सरकत सरकत माझ्या शेजारी आली. तिच्या गालाला खजूर चिकटला होता. तिने बाटली माझ्यापुढे धरली. “युवर मॉम?” मी मान हलवली. “व्हॉट वॉज दॅट थिंग? द ब्रेड?” तोंडात अजून घास होता तिच्या. पोळी तिने अख्खी खाल्ली होती. बाटलीत दोन घोट उरले होते. मी ते प्यायले, आणि खोटं कशाला बोलू, अमृत वाटले. ती पुढे गेली, वाऱ्याला छाती दिली आणि माझ्यासाठी आडोसा धरला. माझी पाळी असताना. एकदा नाही, पुन्हा पुन्हा. त्या मुलीला सॉरी म्हणता येत नव्हतं, पण तेवढं येत होतं.

शेवटच्या फेरीत मागचा घोळका जवळ येऊ लागला. टेकडीवर शेवटच्या फेरीला काही द्यायची परवानगी नव्हती, म्हणून आई दोन्ही हात तोंडावर ठेवून उभी होती. आणि बाबा, माझे बाबा, ज्यांना मी कधी बसमागेही धावताना पाहिलं नव्हतं, ते ऑफिसच्या बुटांनी माझ्या शेजारून पळत होते. खिशातल्या किल्ल्या खुळखुळत होत्या, चष्मा नाकाच्या टोकावर आला होता. “दोघी! तुझ्यापुढे दोघीच आहेत! तू तिसरी! पळ अंजू, पळ!” त्यांना काय झालं होतं कोण जाणे. मी हरले तर त्यांच्या मनासारखं होणार होतं, आणि ते गळ्याच्या शिरा ताणून मला जिंकायला सांगत होते. मी हसले, रडले आणि माथा ओलांडला.

गावात शिरलो तेव्हा चर्च दिसत होतं, माणसं पत्र्याचे डबे बडवत होती. डेबी सुटली. ओहायोवाली तिच्यामागे. मी पॅडलवर उभी राहिले आणि माझ्या उजव्या पोटरीत कुणीतरी सुरी खुपसली. पेटका. पाय लाकूड झाला. मी एका पायाने सायकल ढकलत राहिले, रेषा समोर, इतकी समोर की तिच्यावरचा पांढरा रंग कुठे उडालाय ते दिसत होतं, आणि घोळक्यातून सुटलेली कुठलीशी निळी जर्सी माझ्या शेजारून, माझ्या हँडलच्या शेजारून, चाकभर पुढे गेली. स्पीकरवर नावं आली. माझं चौथं.

गवतावर पडून मी पोटरी चोळत असताना आई-बाबा टेकडीवरून गाडीने आले. शर्यतीचा शेवट त्यांना दिसलाच नव्हता, तो स्पीकरवरूनच कळला. मी आईवर तुटून पडले. “शी इज द एनिमी, आई! तू तिला दिलंस! माझं तिला दिलंस!” आईचा चेहरा उतरला. “तिने हात पुढे केला होता गं. बापाच्या हातून पडलेली मी पाहिली. तहानेने चेहरा असा झाला होता पोरीचा. माझ्या हातात असताना मी काय करू, हात मागे घेऊ?” मी आणखी जोरात रडले. तेवढ्यात खुद्द डेबी आली, गळ्यात पदक, मागे तिचे लालबुंद वडील. ती आईसमोर उभी राहिली आणि तिने आईला घट्ट मिठी मारली, घामासकट, साडीसकट. आईने तिला उरलेल्या सगळ्या पोळ्या बांधून दिल्या. पुढे डेबी आणि मी एकाच टीममधून कितीतरी वर्षं रेस केल्या, एकाच मोटेलच्या खोलीत घोरलो, आणि आता दोघी आपापल्या गुडघ्यांच्या तक्रारी फोनवर एकमेकींना ऐकवतो. पण त्या क्षणी मला तिला त्या पोळ्यांसकट ब्लूबेरीत ढकलून द्यावंसं वाटत होतं.

आम्ही परत निघालो. मी मागच्या सीटवर आडवी, पाय वर, छताकडे बघत. सप्टेंबर दोन आठवड्यांवर आला होता. बाबा दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून, वेगमर्यादेच्या काट्यावर गाडी चालवत होते. आई खिडकीकडे बघत हळूच म्हणाली, “माझ्यामुळे गेलं तिचं वर्ष.”

“काय गेलं?” बाबांनी विचारलं.

“वर्ष, अहो. चौथी आली ती.”

“कोण म्हणतं?”

“कोण म्हणतं काय! स्पीकरवर सांगितलं की.”

“स्पीकरवर लोक काय वाटेल ते सांगतात. जे मी स्वतः बघितलं नाही, ते मी रिपोर्टात लिहीत नाही.” त्यांनी इंडिकेटर दिला, लेन बदलली, इंडिकेटर बंद केला. “मी टेकडीवर होतो. शेवटच्या फेरीला हिच्यापुढे मी दोघी मोजल्या. तू मोजल्यास?”

आई त्यांच्याकडे बघत राहिली. “मोजल्या.”

“किती होत्या?”

“दोघीच होत्या.”

“मग झालं तर.”

मी उठून बसले. मला वाटलं ते थट्टा करतायत. पण हा माणूस मापाच्या बाबतीत थट्टा करत नसे. एका थर्मामीटरचा संशय आला म्हणून त्यांनी महिनाभराचं टेस्टिंग पुन्हा पहिल्यापासून करायला लावलं होतं, साहेबाशी भांडून. आरशात मला फक्त त्यांचे डोळे दिसत होते, आणि ते रस्त्यावर होते. “बाबा,” मी म्हटलं, “आर यू शुअर?” “सीटबेल्ट लाव,” ते म्हणाले. मी दोन्ही सीटच्या मधून हात घालून त्यांच्या गळ्यात पडले, गाडी हेलकावली, आई ओरडली, “अगं, ॲक्सिडेंट करशील!” आणि मग ती इतकी हसायला लागली की तिला पदराने डोळे पुसावे लागले.

त्या रविवारी बाबांनी अकोल्याला काकांना फोन लावला. तेव्हा इंडियाशी बोलायचं म्हणजे ओरडूनच बोलावं लागे, त्यामुळे बेसमेंटमध्ये मला आणि बहुधा आमच्या सगळ्या रस्त्याला ऐकू गेलं. “तिसरी आली!” बाबा ओरडत होते. “हो, हो, तिसरी! अरे, मी स्वतः पाहिलं ना!”